नागपूरचं अस्वल, पेंचचं खवल्या मांजर आणि न भेटलेला मुंगीखाऊ

मार्चअखेर विदर्भात कशाला जाताय, उन्हानं भाजून निघाल, असं सांगलीत ज्यानं त्यानं सांगितलं. पण मोह याच दिवसांत फुलतो, आणि मोह फुलला की अस्वलं त्याच्या वासावर येतात. मला ती बघायची होती. मी शाळेत विज्ञान शिकवते. सस्तन प्राण्यांचं वर्गीकरण दर वर्षी फळ्यावर येतं, आणि त्यातला माझा सर्वांत आवडता भाग पुस्तकात एका ओळीत उरकलेला असतो: मुंग्या आणि वाळवी खाऊन जगणारे प्राणी. त्यांतले दोन विदर्भाच्या जंगलात राहतात. नागपूरला धरमपेठेत माझी ताई असते, तिची मुलगी यंदा सातवीत आहे आणि तिला प्राण्यांचं वेड आहे. एवढं कारण मला पुरेसं होतं. महाराष्ट्र एक्सप्रेस सांगलीहून थेट नागपूरला नेते. तिकीट तेवढं लवकर काढा.

शुक्रवार : अजब बंगला

सकाळी भावजी तर्री पोहे खायला घेऊन गेले. पोहे आपलेच, पण वरून हरभऱ्याची लालभडक तर्री, कच्चा कांदा आणि लिंबू. आठ वाजताच कपाळावर घाम आला आणि तरी दुसरी प्लेट मागवली. तिखट झेपत नसेल तर 'तर्री कम' म्हणून सांगावं, कोणी वाईट वाटून घेत नाही.

मग सिव्हिल लाइन्समधलं मध्यवर्ती संग्रहालय. सगळं नागपूर त्याला अजब बंगला म्हणतं. १८६३ सालचं हे संग्रहालय, देशातल्या जुन्या संग्रहालयांपैकी एक. नाणी, शिलालेख, शस्त्रं, चित्रं असं बरंच आहे, पण आमचा मुक्काम पडला तो प्राण्यांच्या दालनात. उंच छताखाली बाहेरचं ऊन विसरायला होतं. भाची प्रत्येक काचेपुढे थांबून पाटी मोठ्यानं वाचत होती. "मावशी, कोणाला कोणाच्या शेजारी ठेवायचं हे कोण ठरवतं?" तिनं विचारलं. मला तर हाच प्रश्न हवा होता.

स्वीडनच्या लिनियस या निसर्गशास्त्रज्ञानं १७५८ साली प्राण्यांची मोठी मांडणी केली, तेव्हा 'ब्रूटा' नावाच्या एका गणात त्यानं हत्ती, झाडावर राहणारा संथ स्लॉथ, दक्षिण अमेरिकेतला मुंगीखाऊ आणि आपलं खवल्या मांजर यांना एकत्र बसवलं. कसोटी एकच, तोंडात पुढचे दात नसणं. पुढे १७९८ मध्ये फ्रेंच शास्त्रज्ञ कुव्हिए यांनी 'इडेंटाटा', म्हणजे दंतहीनांचा गट केला. त्यात मुंगीखाऊ, स्लॉथ आणि अमेरिकेतला कवचवाला आर्माडिलो होते, शिवाय खवल्या मांजर आणि आफ्रिकेतलं, मुंग्या-वाळवी खाणारं आर्डव्हार्कही. गंमत अशी की या दंतहीनांपैकी बहुतेकांना दात असतात. आर्माडिलोला असतात, स्लॉथला असतात, आर्डव्हार्कलाही असतात. एकही दात नसलेले त्यात दोघंच, मुंगीखाऊ आणि खवल्या मांजर. आणि नेमकं या दोघांचंच एकमेकांशी जवळचं नातं नाही.

हे शेवटचं वाक्य भाचीला काही पटलं नाही. दोघांना दात नाहीत, दोघांची जीभ लांब, दोघांची नखं मोठी, दोघं मुंग्या खातात. मग नातं कसं नाही?

संध्याकाळी ताईनं पाटोडी-रस्सा केला होता. बेसनाच्या जाडसर वड्या आणि त्यावर काळ्या मसाल्याचा रस्सा, सोबत ज्वारीची भाकरी. शेजारी एक निवृत्त प्राणिशास्त्राचे प्राध्यापक राहतात, ताईच्या घरात त्यांना सगळे 'सर' म्हणतात. तेही जेवायला आले. भाचीनं त्यांच्यापुढे तीच तक्रार मांडली. सर शांतपणे म्हणाले, "बेटा, धरमपेठेत पोह्याचे दोन ठेले शेजारीशेजारी उभे राहतात. दोघांकडे तेच पातेलं, तीच तर्री. म्हणून ते भाऊ होतात काय? धंदा सारखा असला तर अवजारं सारखी होतात. घराणं पाहायचं तर हाडं पाहा."

मग त्यांनी वहीत पाठीचा कणा काढला. मुंगीखाऊ, स्लॉथ आणि आर्माडिलो यांच्या कमरेच्या मणक्यांना नेहमीच्या सांध्यांखेरीज जादा सांधे असतात. बाकी कुठल्याही सस्तन प्राण्यांत अशी रचना सापडत नाही. याच विचित्र सांध्यांवरून त्या महागणाला 'झेनार्थ्रा' नाव मिळालं. त्याचे दोन गण. कवचवाला आर्माडिलो 'सिंग्युलाटा'मध्ये, आणि केसाळ असलेले स्लॉथ व मुंगीखाऊ 'पिलोसा'मध्ये. म्हणजे झाडाला उलटं लोंबकळून पानं चघळणारा स्लॉथ हा मुंगीखाऊचा सर्वांत जवळचा नातेवाईक. पिलोसात मुंगीखाऊंचा उपगण 'व्हर्मिलिंग्वा'. त्यात जमिनीवर राहणारा महाकाय मुंगीखाऊ, दोन प्रकारचे टमान्डुआ, आणि खारीएवढा, झाडावरच राहणारा रेशमी मुंगीखाऊ. हा रेशमी एकाच जातीचा आहे असं वर्षानुवर्षं धरलं जायचं. अलीकडच्या संशोधनात त्याच्या अनेक जाती मानाव्यात असं पुढे आलं आहे. सगळे मध्य आणि दक्षिण अमेरिकेतले. आशियात किंवा आफ्रिकेत यांतला एकही नाही.

महाकाय मुंगीखाऊबद्दल बोलताना सरांचा चेहरा खुलला. शेपटी धरून सुमारे दोन मीटर लांब, जीभ सुमारे ६० सेंटीमीटर, आणि ती मिनिटाला दीडशेच्या आसपास वेळा आतबाहेर होते. दिवसाला ३० हजारांपर्यंत मुंग्या आणि वाळव्या पोटात जातात. एवढं खाऊनही त्या अन्नात ताकद कमी, म्हणून शरीराचं तापमान जेमतेम ३३ अंशांच्या आसपास. पुढच्या पायांची नखं झिजू नयेत म्हणून तो ती आत वळवून, बोटांच्या सांध्यांवर भार देऊन चालतो. भाची लगेच बैठकीत तसं चालून बघायला लागली.

शनिवार : गोरेवाडा

गोरेवाडा शहराला लागूनच आहे. प्राणी उद्यानातली भारतीय सफारी २६ जानेवारी २०२१ ला सुरू झाली. बंद बसमधून बिबट्या, अस्वल, वाघ आणि तृणभक्षी असे चार विभाग दाखवतात. सकाळची पहिली फेरी घ्या. उन्हाळ्यात दहानंतर प्राणी सावली सोडत नाहीत. सोमवारी जायचा बेत असेल तर उद्यान उघडं आहे का ते आधी विचारून घ्या. खिडकीची जागा मिळवा, आणि लहान मुलांना टोपी घाला.

वाघ दिसला तेव्हा बसभर आरडाओरडा झाला. अस्वलांच्या भागात मात्र लोकांनी मोबाइल खाली ठेवले होते. मला फार वाईट वाटलं. आमच्या बाजूला, बसपासून जेमतेम काही हातांवर, एक अस्वल पडक्या ओंडक्याशी बसलं होतं. काळेभोर विस्कटलेले केस, छातीवर पांढुरका इंग्रजी व्ही, फिकट लांबट मुस्कट. पुढच्या पंजाची नखं बोटभर लांब, हस्तिदंती रंगाची, किंचित आत वळलेली. त्यानं ओंडक्याची साल एका हिसक्यात सोलली, तोंड त्या फटीला लावलं, आधी जोरात फुंकर मारली. माती उडाली. मग ओठ पुढे काढून आत ओढून घेतलं. तो आवाज बसच्या काचेतूनही आला, भसाभस, भसाभस.

या ओढण्यासाठी त्याचं तोंडच वेगळं घडलंय. वरच्या जबड्यातले मधले दोन दात नसतात, तिथून वाळवी आत जाते. टाळू खोलगट. ओठ लांब आणि हलते. नाकपुड्या मिटता येतात, म्हणजे धूळ आणि चिडलेले किडे आत जात नाहीत. पिल्लं आईच्या पाठीवर बसून फिरतात, हुबेहूब मुंगीखाऊच्या पिल्लासारखी.

"मावशी, मग हेच आपलं मुंगीखाऊ ना?"

तिचं काही चुकलं नव्हतं. १७९१ साली जॉर्ज शॉ या इंग्रज निसर्गशास्त्रज्ञानं या प्राण्याला शास्त्रीय नाव दिलं ते 'ब्रॅडिपस उर्सिनस', अस्वलासारखा स्लॉथ! लांब नखं आणि गळालेले दात पाहून त्यानं त्याला थेट मुंगीखाऊच्या चुलतघरात नेऊन बसवलं. दोनच वर्षांनी मायर यांनी 'मेलर्सस' हे नाव दिलं आणि अस्वल अस्वलांत आलं. इंग्रजीत मात्र त्याला आजही स्लॉथ बेअर म्हणतात. वाघ, कुत्रा, मांजर यांच्याबरोबर मांसभक्षी गणात मोडणारा हा प्राणी वारुळं फोडून पोट भरतो, आणि वर मध, बोरं, मोहाची फुलं.

रात्री सावजी. नागपूरच्या हलबा कोष्टी विणकरांची ही खाद्यपरंपरा. मसाला काळा, रस्स्यावर तेलाचा थर आणि झणझणीतपणा असा की पहिल्या घासाला बोलणं थांबतं. मटण घेतलं होतं. जेवणासोबत दही मिळत असेल तर घ्या, आणि दुसऱ्या दिवशी पहाटे जंगलात जायचं असेल तर त्या रात्री सावजी नको.

रविवार : सिल्लारी

जबलपूर रस्त्यानं पेंच व्याघ्रप्रकल्पाच्या सिल्लारी फाटकापर्यंत गाडीनं दोन तासांच्या आत पोचता येतं. पुढे याच महामार्गावर जंगलाच्या पट्ट्यात प्राण्यांना खालून जाता यावं म्हणून रस्ता उचलून घेतलाय. गाडीतून ते कळतही नाही. मुद्दाम काचेतून खाली बघा. पळसाचा बहर ओसरत आला होता, मोहाची झाडं बिनपानांची आणि फुलांच्या गुच्छांनी लगडलेली.

दुपारी ४० अंशांच्या आसपास ऊन. चारनंतर गावातला एक तरुण वाटाड्या आम्हाला शिवारालगतच्या पायवाटेनं घेऊन गेला. सागाची वाळकी पानं पायाखाली इतकी वाजत होती की बोलताना थांबावं लागे. एका वळणावर तो म्हणाला, "मॅडम, हे पाहा. काल रातचं काम आहे."

छातीएवढं तांबूस वारूळ होतं, आणि त्याच्या कुशीत भलंमोठं भगदाड. माझा अख्खा हात खांद्यापर्यंत आत गेला असता. वाटाड्यानं हात घालू दिला नाही, आत साप असतात. कडेला ओल्या मातीवर नखांचे समांतर ओरखडे स्पष्ट होते. बाहेरची माती भाजलेल्या विटेसारखी टणक, नखानं खरवडत नव्हती, आणि आत दमट, मऊ, बारीक बोगद्यांनी भरलेली. तुटलेल्या कडेवर फिकट रंगाच्या कामकरी वाळव्या ओळीनं आल्या होत्या. प्रत्येक जण तोंडातला ओल्या मातीचा कण कडेवर टेकवून मागे वळायची, तिच्या जागी दुसरी. मधेमधे मोठ्या डोक्याचे सैनिक पहाऱ्याला. भाची पोटावर झोपून बघत राहिली. तिला उठवायला मलाच जिवावर आलं.

वाळवीवर जगायचं हे सोपं काम नाही, हे तिथं वाकून बघताना पटतं. किडा इवला, घर सिमेंटसारखं, वर चावणारे सैनिक. म्हणून अवजारं लागतात: फोडायला नखं, आत पोचायला जीभ किंवा ओढून घ्यायला ओठ. दातांचं मात्र फारसं काम उरत नाही. डायनोसॉर संपल्यानंतर सस्तन प्राण्यांत ही राहणी किमान १२ वेळा स्वतंत्रपणे आली, असा निष्कर्ष २०२५ मध्ये प्रसिद्ध झालेल्या एका अभ्यासात आहे. दर वेळी वेगळं घराणं, आणि दर वेळी जवळपास त्याच गरजा. पण सवयी वेगळ्या. महाकाय मुंगीखाऊ एका वारुळाशी जेमतेम मिनिटभर थांबतो, सैनिक जमायच्या आत पुढे निघतो. घर शाबूत राहतं, पुन्हा खायला येता येतं. आपलं अस्वल पार कोथळा काढतं.

पेंचला जानेवारी २०२४ मध्ये देशातलं पहिलं डार्क स्काय पार्क जाहीर झालं, म्हणून रात्री तारे बघायचा बेत होता. साडेसातला वारा सुटला, आठला वीज गेली आणि टपोऱ्या थेंबांचा अवकाळी पाऊस आला. एक तारा दिसला नाही. पण पाऊस थांबल्यावर दिवे आले, आणि व्हरांड्यातल्या बल्बभोवती पंख फुटलेल्या वाळव्यांचा थवा जमला. पंख गळून फरशीवर सडा. पालींची दिवाळी झाली, आणि भाचीनं वहीत एक पंख चिकटवून ठेवला.

सोमवार : सफारी आणि मोह

पहाटे गारवा होता. मार्चमध्येही उघड्या जिप्सीत पातळ स्वेटर लागतो. पावसानं धूळ बसली होती, मातीचा वास आणि मोहाचा गोडूस उग्र वास एकत्र येत होते. चितळं, नीलगाय, रानकुत्र्यांची एक टोळी दिसली. वाघाच्या नुसत्या खुणा. अस्वल दिसलं नाही. त्याची विष्ठा मात्र गाइडदादांनी गाडीतूनच दाखवली, बोराच्या बियांनी भरलेली.

खवल्या मांजराचं विचारलं तसं ते जरा गप्प झाले. मग म्हणाले, "पंधरा वर्सं झाली मले या जंगलात. एकदाच दिसलं जी. गाडीचा लाइट पडला तं चमकलं. मले वाटलं, दगड आहे. मंग तो दगड चालाले लागला. दोन पायांवर, शेपटी उचलून. आमी थांबलो तं गोल झालं, फुटबॉलवानी. हात नाही लावला, दुरूनच पायलं."

ते जे बोलले त्यात सगळं प्राणिशास्त्र आहे. भारतीय खवल्या मांजर कधीकधी मागच्या पायांवर चालतं, कारण पुढची नखं खोदण्यासाठी जपायची असतात. धोका दिसला की पोट आत घेऊन गुंडाळी. खवले केराटिनचे, म्हणजे आपल्या नखांच्याच पदार्थाचे. जिभेचं मूळ तोंडात नाही, ते थेट बरगड्यांच्या टोकापाशी. दात नाहीत, म्हणून दळण जठरात, गिळलेल्या बारीक खड्यांच्या मदतीनं. या सगळ्यात ते मुंगीखाऊला इतकं मिळतंजुळतं आहे की शास्त्रज्ञही फसले. जर्मनीतल्या मेसेल इथं सुमारे ४ कोटी ७० लाख वर्षांपूर्वीचा एक सुंदर जीवाश्म सापडला. १९८१ मध्ये त्याला 'युरोटमान्डुआ', युरोपातला मुंगीखाऊ, असं नाव दिलं गेलं. पुढच्या तपासणीत ते जादा सांधे मिळाले नाहीत, आणि आज तो खवल्या मांजराच्या गोतातला मानतात.

जनुकांची तुलना सुरू झाली आणि २००१ च्या सुमारास चित्र स्वच्छ झालं. खवल्या मांजराचा स्वतंत्र गण 'फोलिडोटा', आणि त्याचे सर्वांत जवळचे नातेवाईक मांसभक्षी. म्हणजे पेंचमधल्या खवल्या मांजराला अमेरिकेतल्या मुंगीखाऊपेक्षा पेंचमधला वाघ जवळचा, आणि ते अस्वलही.

हे एवढं सांगायचं कारण, हा प्राणी झपाट्यानं संपतोय. खवल्यांना औषधी गुण असल्याच्या समजुतीपोटी आशिया-आफ्रिकेत त्याची प्रचंड तस्करी होते. गुंडाळी वाघापुढे चालते, माणूस मात्र ती सरळ उचलून पोत्यात टाकतो. वन्यजीव संरक्षण कायद्याच्या पहिल्या अनुसूचीत तो आहे, आणि २०१६ च्या जोहान्सबर्ग परिषदेत सगळ्या जातींच्या आंतरराष्ट्रीय व्यापारावर बंदीचा निर्णय झाला. कुठे खवले विकताना किंवा प्राणी पकडलेला दिसला, तर महाराष्ट्र वन विभागाची १९२६ ही हेल्पलाइन आहे. नंबर मोबाइलमध्ये ठेवा. फोटो काढून समाजमाध्यमावर जागेसकट टाकू नका, शिकाऱ्यालाही तोच पत्ता मिळतो.

फाटकाबाहेर शेताच्या बांधावर एक मावशी मोह वेचत होत्या. टोपली अर्धी भरलेली, फुलं पिवळसर पांढरी, गोलसर, रसानं फुगलेली. "कुठून आल्या जी?" सांगली म्हटल्यावर त्यांनी हातावर पाच-सहा फुलं ठेवली. गोड, दुधाळ, शेवटी किंचित तुरट. अस्वलाचं विचारलं. "येते ना. पहाटे ते अन् आमी, दोघंयी मोहाखालीच. म्हणून चार जणी मिळून येतो, बोलत बोलत." मोहाच्या दिवसांत अस्वलाचे हल्ले होतात ते असेच, झाडाखाली समोरासमोर येऊन. चालताना आवाज करत राहा, अस्वलाला आधी कळू द्या. आणि मोहाखाली पाला जाळायची पद्धत त्यांच्या गावानं सोडलीय, हेही त्यांनी आपणहून सांगितलं. आग पसरते आणि झाडाची साल भाजते, म्हणाल्या.

मंगळवार : परतीची तयारी

सकाळी संत्रा बर्फी घेतली. मृग बहाराची शेवटची संत्री अजून गाड्यांवर होती, तीही घेतली. साल सैल असलेलं, हाताला जड लागणारं निवडा.

दुपारी भाचीनं चार कागद जोडून तक्ता केला आणि सरांना बोलावलं. वर 'मुंग्या खाणारे', खाली प्रत्येकाचं घराणं. मुंगीखाऊ स्लॉथच्या शेजारी, झेनार्थ्रात. खवल्या मांजर आणि अस्वल वाघाच्या अंगाला. आर्डव्हार्क 'ट्युब्युलिडेंटाटा'मध्ये, त्या गणातला एकटाच जिवंत, आणि त्याच्या वरच्या फांदीवर हत्ती. म्हणजे लिनियसनं हत्तीला मुंगीखाऊशेजारी बसवलं ते चुकलं, पण मुंग्या खाणारा एक जण खरोखरच हत्तीच्या गोतातला निघाला. पार टोकाला ऑस्ट्रेलियातले दोघं: अंडी घालणारी काटेरी एकिड्ना, आणि पिशवीवाल्या प्राण्यांतला पट्टेरी नुंबॅट.

सर चष्मा लावून बराच वेळ बघत राहिले. नात्यांत त्यांना काही बदलायचं नव्हतं. एकच दुरुस्ती सांगितली, "नुंबॅटला 'दात नाहीत'च्या रकान्यातून काढ बेटा. त्याला पन्नासच्या आसपास असतात, बारीक बारीक. वाळवी खातो, पण चावत नाही फारसा." भाचीनं खोडरबर घेतला आणि त्यांना विचारलं, असतात तर मग पडत का नाहीत? माझी गाडीची वेळ होईपर्यंत ते दोघं त्यावर बोलत होते.